विश्लेषण : फ्रान्सला महाकाव्य खरेच जमले नाही का? जुना शिक्का अभ्यासक आता का पुसत आहेत?

इटलीकडे दान्ते आणि तासो, इंग्लंडकडे मिल्टन, पोर्तुगालकडे कामोइंश. फ्रान्सकडे कोण? सोळाव्या आणि सतराव्या शतकातील फ्रेंच महाकाव्यांचा विषय निघाला की उत्तर ठरलेले असे : प्रयत्न खूप झाले, पण सगळे फसले. साधारण गेल्या सत्तर वर्षांत मात्र अभ्यासकांनी हा निकाल पुन्हा तपासायला घेतला आहे. कविता फसल्या, की त्यांना मोजण्याची फूटपट्टी चुकली, असा हा प्रश्न आहे. त्याच्या मुळाशी एका हत्याकांडाची आठवणही आहे.

‘फसले’ हे कोणी ठरवले?

हा शिक्का फ्रेंचांनी स्वतःच मारून घेतला. १५४९ मध्ये जोआशँ द्यु बेले या तरुण कवीने फ्रेंच भाषेची बाजू मांडणारा जाहीरनामा लिहिला. ग्रीक आणि लॅटिनच्या तोडीचे दीर्घकाव्य फ्रेंचमध्ये झाले पाहिजे, अशी त्याची मागणी होती. म्हणजे महाकाव्य हा सुरुवातीपासूनच भाषेच्या प्रतिष्ठेचा मुद्दा झाला. अपेक्षा एवढी मोठी, की पुढे प्रत्येक कवी होमर आणि व्हर्जिल यांच्या शेजारी उभा करून मोजला गेला. अठराव्या शतकात व्होल्तेअरने महाकाव्यावरील आपल्या निबंधात मालेझ्यू नावाच्या विद्वानाचे मत नोंदवले. फ्रेंच माणसाचे डोके महाकाव्याचे नाही, असा त्याचा आशय होता. ते मत पुढच्या पिढ्यांनी जवळपास नियमासारखे स्वीकारले.

रोंसारचे काम अर्धवट का राहिले?

पिएर द रोंसार हा त्या काळातील फ्रान्सचा सर्वांत नावाजलेला कवी. नवव्या चार्ल्स राजाच्या आश्रयाने त्याने ‘ला फ्रांसियाद’ लिहायला घेतले. ट्रॉयचा योद्धा हेक्टर याचा मुलगा फ्रांक्युस वाचला आणि त्याच्यापासून फ्रेंच राजवंश सुरू झाला, ही मध्ययुगापासून चालत आलेली दंतकथा त्याचा पाया होती. बेत २४ सर्गांचा होता, प्रसिद्ध झाले फक्त चार. या चार सर्गांत नायक फ्रान्सला पोहोचतच नाही. तो क्रीट बेटावर राजकन्यांच्या प्रेमात आणि भविष्यवाण्यांत अडकून राहतो.

काव्य प्रसिद्ध झाले सप्टेंबर १५७२ मध्ये. त्याच्या काही आठवडे आधी, २४ ऑगस्टला, पॅरिसमध्ये सेंट बार्थोलोम्यूचे हत्याकांड सुरू झाले होते. कॅथलिकांच्या हातून हजारो प्रोटेस्टंट मारले गेले आणि त्याची जबाबदारी राजाने स्वतःकडे घेतली. सर्व फ्रेंचांचा पूर्वज एकच, असे सांगणारे काव्य आणि शेजारी शेजाऱ्याला मारत असलेले शहर, हे एकाच वेळी घडत होते. १५७४ मध्ये राजा वारला. त्याच्याबरोबर आपलीही उमेद गेली, असे कारण रोंसारने दिले आणि काम थांबले.

पुस्तक खपले, मग पडले कसे?

दुसरे गाजलेले उदाहरण जाँ शाप्लँचे. तो फ्रेंच अकादमीच्या पहिल्या सदस्यांपैकी एक आणि त्या काळचा वजनदार समीक्षक. जोन ऑफ आर्कवरील त्याच्या ‘ला प्युसेल’ची वाचकांनी वीसेक वर्षे वाट पाहिली. त्या काळात एका सरदाराकडून त्याला मानधन मिळत होते. जोनचा युद्धातील साथीदार द्युन्वा हा त्या सरदाराचा पूर्वज होता. १६५६ मध्ये पहिले १२ सर्ग आले आणि दीड वर्षात सहा आवृत्त्या निघाल्या. आजच्या भाषेत हे पुस्तक ‘हिट’ होते.

मात्र निकोला ब्वालो या तरुण कवीने आपल्या उपरोधिक कवितांतून शाप्लँच्या खडबडीत ओळींची आणि त्याच्या मानधनाची यथेच्छ टिंगल केली. लोकांच्या लक्षात टिंगल राहिली, काव्य राहिले नाही. उरलेले १२ सर्ग छापले गेले ते थेट १८८२ मध्ये.

नियम आधी की कविता आधी?

१६७४ मध्ये ब्वालोने काव्याचे नियम सांगणारा ‘लार पोएतिक’ प्रसिद्ध केला. १६७५ मध्ये रने ल बोस्यू या धर्मगुरूने महाकाव्यावर स्वतंत्र ग्रंथ लिहिला. आधी नैतिक बोध ठरवावा, मग त्याला साजेशी कथा रचावी, अशी त्याची पद्धत. त्याचा ग्रंथ इंग्लंडमध्येही प्रमाण मानला गेला. गंमत अशी, की त्याच १६७४ मध्ये ब्वालोचे ‘ल ल्युत्रँ’ आले. चर्चमधील एका लाकडी व्यासपीठावरून झालेले भांडण त्यात महाकाव्याच्या थाटात सांगितले आहे. नियम लिहिणाऱ्या कवीचे या प्रकारातले स्वतःचे काव्य विडंबन होते.

त्यानंतर वाद होमरपर्यंत गेला. १६८७ मध्ये शार्ल पेरोने (‘सिंड्रेला’ची गोष्ट लिहिणारा हाच) अकादमीत वाचल्या गेलेल्या एका कवितेतून आपला काळ प्राचीनांपेक्षा कमी नाही, असा दावा केला. ब्वालो संतापला. १७११ मध्ये आन दासिए या विदुषीने ‘इलियड’चे गद्य भाषांतर केले. ग्रीक न येणाऱ्या ऊदार द ला मोतने १७१४ मध्ये त्याच काव्याचे २४ सर्ग १२ वर आणून पद्यात मांडले. दासिएने त्याच वर्षी अभिरुचीच्या अधःपतनावर सविस्तर पुस्तक लिहून उत्तर दिले. जुना ग्रंथ आजच्या चवीनुसार कापावा का, हा आपल्याकडेही ओळखीचा प्रश्न आहे.

अभ्यासकांनी काय बदलले?

पहिले काम होते यादी नीट करण्याचे. आर. ए. सेस यांनी १९५५ मध्ये सतराव्या शतकातील बायबलवर आधारित महाकाव्यांचा, तर डेव्हिड मास्केल यांनी १९७३ मध्ये ऐतिहासिक महाकाव्यांचा अभ्यास मांडला. क्लारा च्युरोश यांनी १९९९ मध्ये रोंसारपासून व्होल्तेअरपर्यंतचा पट घेतला. ब्रुनो मेनिएल यांनी २००४ मध्ये १५७२ ते १६२३ या काळावर लक्ष दिले. हा प्रकार मेलेला नव्हता, उलट भरपूर लिहिला आणि वाचला जात होता, हे यातून समोर आले. द्यु बार्तासच्या १५७८ मधील सृष्टीनिर्मितीवरील काव्याची भाषांतरे तर युरोपभर झाली.

मोठा बदल १९९३ मध्ये झाला. डेव्हिड क्विंट यांनी महाकाव्याच्या दोन परंपरा सांगितल्या. एक जेत्यांची : कथा सरळ पुढे जाते आणि राज्यस्थापनेपाशी संपते, जसे व्हर्जिलचे ‘एनिड’. दुसरी पराभूतांची : कथा तुटक, वळणावळणाची, शेवट न मानणारी, जसे ल्युकनचे रोमन यादवीवरील काव्य. ही फूटपट्टी लावली की विस्कळीत असणे हा दोष राहत नाही. पराभूतांची कथा तशीच सांगितली जाते.

क्विंट यांनी दुसऱ्या परंपरेत आग्रिपा दोबिन्येचे ‘ले त्राजिक’ ठेवले. दोबिन्ये प्रोटेस्टंट सैनिक होता. १५७७ मध्ये सुरू केलेले हे सात भागांचे काव्य १६१६ मध्ये निनावी प्रसिद्ध झाले. त्यात १५७२ चे हत्याकांड आहे, जळणारे हुतात्मे आहेत आणि शेवटी न्याय होतो तो देवाच्या दरबारात. रोंसारने ज्या राजाला काव्य अर्पण केले, त्याच राजाला दोबिन्ये आरोपीच्या पिंजऱ्यात उभे करतो.

पुढे फिलिप जॉन अशर यांनी २०१४ मध्ये महाकाव्याचे चित्रकला आणि वास्तुकलेशी असलेले नाते दाखवले. २०१८ मध्ये कॅथरीन मेनार्ड यांनी यादवीने फाटलेला समाज एकत्र कसा राहील, या प्रश्नाच्या अंगाने ही काव्ये वाचली.

आज हे कुठे वाचता येते?

फ्रान्सच्या राष्ट्रीय ग्रंथालयाच्या ‘गॅलिका’ या संकेतस्थळावर अनेक जुन्या आवृत्त्या मोफत पाहता येतात. शोध घेताना एक अडचण येते. जुन्या छपाईतील लांब ‘एस’ संगणकाला अनेकदा ‘एफ’ वाटतो, त्यामुळे शब्द चुकीचे नोंदले जातात आणि शोधात सापडत नाहीत. तिथे अजूनही माणसाचा डोळा लागतो.

निष्कर्ष काय?

‘ला फ्रांसियाद’ अचानक उत्कृष्ट ठरलेले नाही आणि शाप्लँच्या ओळीही गुळगुळीत झालेल्या नाहीत. बदलला आहे तो प्रश्न. ‘हे व्हर्जिलइतके चांगले आहे का?’ याऐवजी ‘ज्या देशात माणसे धर्मावरून एकमेकांना मारत होती, तिथे सर्वांची म्हणून एक कथा कोण सांगू शकत होते?’ असे आता विचारले जाते. रोंसारला ती पूर्ण करता आली नाही. दोबिन्येने ती सर्वांची असल्याचा दावाच केला नाही, मारल्या गेलेल्यांची बाजू लिहून ठेवली.