लिहायची चौकट आणि आपली लिपी

विंडोज 95 बरोबर ‘रिच एडिट’ नावाचा तयार भाग आला आणि लहान शहरांतल्या प्रोग्रामरांचं मोठं काम वाचलं. ठळक-तिरकी अक्षरं, रंग, परिच्छेद हे सगळं स्वतः लिहून काढण्याऐवजी ही चौकट आपल्या फॉर्मवर बसवली की झालं. वर्डपॅड म्हणजे तरी काय, याच चौकटीवर चढवलेला मेनू. 1998च्या व्हिज्युअल बेसिक (व्हीबी) 6मध्ये तर ती माउसने ओढून ठेवता येई. दुसरा रस्ता ओएलईचा, म्हणजे अख्खं वर्डच आपल्या खिडकीत उघडायचं. ते भारदस्त दिसे. पण गिऱ्हाइकाकडे वर्ड हवं आणि ते पेलणारं मशीनही हवं. वकिलाच्या अर्जाला किंवा बिलाखालच्या मजकुराला पहिला रस्ता पुरेसा होता.

अडलं ते देवनागरीपाशी. उदाहरण बऱ्हाणपूरचं. ते मध्य प्रदेशात, पण शेजारी महाराष्ट्रातलं रावेर. सरकारी कागद हिंदीत, बहुतेक कृतिदेव फॉन्टमधला. जळगावकडून येणारा मजकूर मराठीत, बरेचदा श्रीलिपी फॉन्टमधला. दोन्हींची युक्ती एकच: आत इंग्रजी अक्षरांचे क्रमांक, वर चेहरा देवनागरीचा. व्हीबीच्या चौकटीला युनिकोड, म्हणजे प्रत्येक लिपीच्या अक्षरांना स्वतःचे क्रमांक देणारी पद्धत, कळत नव्हतं. खरी देवनागरी दिली की प्रश्नचिन्हांची रांग उमटे, फॉन्टची युक्ती मात्र ती मुकाट्याने चालवून घेई.

त्याची किंमत यादी लावताना कळे. कृतिदेवमध्ये पहिली वेलांटी अक्षराच्या आधी टाइप होते आणि तशीच साठवली जाते. त्यामुळे अनुक्रम लावला की किसन, विठ्ठल आणि शिवाजी एकाच घोळक्यात. श्रीलिपीत नोंदवलेलं नाव कृतिदेवमधून शोधलं तर सापडायचंच नाही. फॉन्टवाल्यांना दोष देणं मला पटत नाही. त्यांनी निदान काम चालू ठेवलं. पुण्याच्या सी-डॅक या संस्थेच्या आयएसएम प्रणालीने कळफलकाचा प्रश्न बराच सोडवला, पण त्या काळात साठवण फॉन्टच्याच क्रमांकांत राहिली.

विंडोज 2000मध्ये युनिकोड देवनागरी आली, ती र. कृ. जोशींनी घडवलेल्या ‘मंगल’ अक्षरांत. मराठी माणसाने आखलेली ही अक्षरं जगभरच्या विंडोजवर गेली, याचं कौतुक आपण कमीच केलं. पण पुढच्या विंडोज एक्सपीवरही भारतीय भाषांची सोय वेगळी चालू करावी लागे, त्यासाठी विंडोजची सीडी मागितली जाई, आणि ती सीडी वेळेवर सापडेल तर शपथ! व्हिस्टापासून ही कटकट संपली.

व्हीबी न सोडता युनिकोड हवं असलेल्यांनी एक पळवाट काढली. इंटरनेट एक्स्प्लोररचा भाग आपल्या फॉर्मवर बसवायचा आणि त्यालाच संपादनाच्या अवस्थेत ठेवायचं. या चौकटीत ‘बऱ्हाणपूर’मधला ऱ्ह नीट उमटे, नावं अनुक्रमाने लावता येत. माझ्या मते त्या काळातली ही सर्वांत शहाणी तडजोड होती, पण तीही उसनीच. त्या घराण्यातला डीएचटीएमएल संपादक मायक्रोसॉफ्टने व्हिस्टात दिलाच नाही, आणि जून 2022मध्ये विंडोज 10वरच्या बहुतेक आवृत्त्यांत इंटरनेट एक्स्प्लोररचा पाठिंबाही संपला. आता तेच काम मायक्रोसॉफ्टचा वेबव्ह्यू2 हा भाग करतो. 2024च्या विंडोज 11 आवृत्तीतून वर्डपॅडही गेलं. त्याच्या पोटातली रिच एडिट चौकट मात्र अजून शाबूत आहे.

कळफलकाची सवय अधिक चिवट. मध्य प्रदेशच्या सीपीसीटी या संगणक-कौशल्याच्या परीक्षेत हिंदी टंकलेखनासाठी इनस्क्रिप्ट कळफलकाबरोबर जुन्या टंकयंत्राच्या वळणाचा रेमिंग्टन गेलही चालतो. बोटं जुनी, क्रमांक नवे, अशी ही सोय मला चांगली वाटते.

राहिला तो या प्रोग्रामांनी जुन्या ॲक्सेस फायलींमध्ये साठवलेला मजकूर. त्यातली मेख अशी, की फॉन्टचं नाव बहुतेक वेळा फॉर्ममध्ये असे, तक्त्यात नसे. प्रोग्राम गेला की उरतो तो इंग्रजी अक्षरांचा कचरा, आणि तो कोणत्या फॉन्टचा हे सांगायला कोणी नाही. तुमच्याकडे असा प्रोग्राम अजून उघडत असेल तर मूळ फाइलची प्रत काढा, फॉन्टचं नाव आधी लिहून ठेवा आणि मजकूर युनिकोडमध्ये बदलून घ्या. ते मशीन बंद पडायची वाट पाहू नका.