कॅमेऱ्याला बंदी होती तिथले चित्र

रखरखीत वाळवंटात एक तरुण स्त्री नळाखाली पाण्याची बाटली धरून उभी आहे. जपानी वंशाच्या अमेरिकी दिग्दर्शिका री ताजिरी यांच्या ‘हिस्टरी अँड मेमरी’ (१९९१) या ३२ मिनिटांच्या व्हिडिओपटात हे दृश्य पुन्हा पुन्हा येते. प्रसंग १९४२ नंतरचा, पण त्या वेळी तो कुणी टिपलेला नाही. ताजिरींच्या मनात आईचे हे चित्र लहानपणापासून होते. ते कुठून आले, हे त्यांना माहीत नव्हते. अखेर आईच्या जागी स्वतः उभे राहून त्यांनी ते चित्रित केले.

पर्ल हार्बरवरील हल्ल्यानंतर, १९ फेब्रुवारी १९४२ रोजी अध्यक्ष रूझवेल्ट यांनी काढलेल्या हुकमामुळे अमेरिकेच्या पश्चिम किनाऱ्यावरचे सुमारे १,२०,००० जपानी वंशाचे लोक छावण्यांत गेले. त्यांतले दोन-तृतीयांश जन्माने अमेरिकी नागरिक होते. ताजिरींच्या आईची रवानगी ॲरिझोनातल्या पोस्टन छावणीत झाली. वडील मात्र अमेरिकी सैन्यात होते, आणि ते तिकडे असताना कुटुंबाचे राहते घरच जागेवरून नाहीसे झाले. जपानी वंशीयांना कॅमेरा बाळगायला मनाई होती, त्यामुळे छावण्यांचे बहुतेक चित्रण सरकारी आहे. अपवाद डेव्ह तात्सुनो यांचा. त्यांनी टोपाझ छावणीत लपवून आणलेल्या कॅमेऱ्याने आठ मिलिमीटरच्या फितीवर चित्रण केले. ताजिरींनी त्याचाही वापर केला आहे.

मग माहितीपट करायचा कशावर? आई साक्ष द्यायला तयार, पण तिला फारसे आठवत नाही. छावणीत एका सुंदर तरुणीला वेड लागलेले तिने पाहिले होते. सगळे आठवत बसले तर आपलेही तेच होईल, म्हणून आपण विसरलो, एवढे तिला पक्के आठवते. एखाद्या दिग्दर्शकाने इथे इतिहासतज्ज्ञांना खुर्चीत बसवून बोलते केले असते. ताजिरींनी आईचे विसरणे हाच पुरावा मानला आणि पटाची सगळी रचना त्यावर उभी केली.

सुरुवातीला पडद्यावर चित्रच नाही, नुसता मजकूर सरकतो: ७ डिसेंबर १९६१, उंचावरून दिसणारी दोन डोकी. मुलीला पडणाऱ्या वाईट स्वप्नांवरून आईवडील भांडताहेत आणि दिवंगत आजोबांचा आत्मा वरून पाहतो आहे. ताजिरींच्या मते काही घटना कॅमेऱ्यासमोर घडतात, काही कॅमेऱ्यासाठी पुन्हा घडवल्या जातात आणि काहींना मेलेल्यांच्या आत्म्यांखेरीज साक्षीदार नसतो. या तिसऱ्या वर्गासाठी त्यांनी आपली शैली घडवली. मजकूर एक सांगतो, आवाज दुसरे, चित्र तिसरेच. पहिल्यांदा पाहताना दमछाक होते, हे कबूल करायला हवे. पण तुकडे जुळवण्याचा जो खटाटोप मुलीने केला, तो प्रेक्षकाच्याही वाट्याला यावा, हा त्यामागचा हिशेब मला रास्त वाटतो.

पर्ल हार्बरच्या हल्ल्याची जी चित्रे त्या दाखवतात, त्यांत बातमीपटांच्या जोडीला जॉन फोर्डचा ‘डिसेंबर सेव्हन्थ’ आणि हॉलीवूडचा ‘फ्रॉम हिअर टु इटर्निटी’ही आहे. सगळ्यांवर शिक्का एकच: इतिहास. अशा वेळी डोके खाजवत बसण्याऐवजी प्रेक्षकाने आपल्या मनातल्या इतिहासाचा किती भाग सिनेमागृहातून आला, ते तपासावे. ‘बॅड डे ॲट ब्लॅक रॉक’ (१९५५) या चित्रपटात तर सगळे कथानक कोमोको नावाच्या जपानी शेतकऱ्याच्या खुनाभोवती फिरते आणि कोमोको एकाही दृश्यात नाही. ताजिरींना त्या गैरहजेरीत आपल्याच घराण्याची गोष्ट दिसली.

द्विसांस्कृतिक कलावंत म्हटले की किमोनो आणि चेरीचा बहर अपेक्षिणाऱ्यांची इथे निराशा होईल. ताजिरींचा जन्म शिकागोचा, आईवडीलही अमेरिकेतच जन्मलेले. त्यांचे साहित्य म्हणजे हॉलीवूड, सरकारी दप्तर आणि घरातली अबोल माणसे. आईच्या दागिन्यांच्या पेटीत आजीने दिलेला एक लाकडी पक्षी असे. त्याला हात लावला की ओरडा बसे. पुढे राष्ट्रीय अभिलेखागारात छायाचित्रांचा खोका चाळताना छावणीतल्या पक्षी कोरण्याच्या वर्गात बसलेली आजीच समोर आली. घरात कुणी न सांगितलेली गोष्ट ज्यांनी कोंडले त्यांच्याच कपाटात सापडावी, यासारखा विरोधाभास पटकथाकाराला सुचला नसता.

१९८८मध्ये अमेरिकेने कायदा करून माफी मागितली, हयात कैद्यांना प्रत्येकी २०,००० डॉलर दिले. त्याच काळात ताजिरी पोस्टनला जाऊन आल्या. पुढे स्मृतिभ्रंश झालेल्या आईवर त्यांनी ‘विस्डम गॉन वाइल्ड’ (२०२२) केला. तिथे विसरणाऱ्या आईला दुरुस्त न करता त्या तिच्या म्हणण्यामागे जातात. हे धोरण तीस वर्षांपूर्वीच्या पटातच तयार झाले होते.

आपल्याकडेही १९६२च्या युद्धानंतर सुमारे तीन हजार चिनी वंशाच्या लोकांना राजस्थानातल्या देवलीत डांबले होते. तेव्हाची मुले आज वृद्ध आहेत. त्यांच्यावर पट करू पाहणाऱ्याने आधी ‘हिस्टरी अँड मेमरी’ पाहावा आणि साक्षीदाराला नीट आठवत नाही म्हणून कॅमेरा बंद करू नये.