मन वळविणारे झुडूप

पेरूचे पान चुरगळून नाकाशी धरले, किंवा जांभळाचे पान उन्हाकडे धरून त्यातले बारीक पारदर्शक ठिपके न्याहाळले, म्हणजे ज्या तैलग्रंथींची ओळख पटते, त्याच ग्रंथी आपल्या इवल्याशा पानांत बाळगणारे, पण आपल्या बागांना सर्वस्वी अपरिचित असे या झाडांचे एक भाऊबंद पश्चिम ऑस्ट्रेलियाच्या नैर्ऋत्य कोपऱ्यातील रेताड माळांवर नांदत आहे. शास्त्राच्या दप्तरी त्याची नोंद ‘व्हर्टिकॉर्डिया’ या नावाने झाली आहे. तिकडची माणसे त्याला पिसांचे फूल म्हणतात. जंबुल कुलातील या प्रजातीच्या जाती सुमारे शंभर, आणि काही थोड्या उत्तरेकडच्या सोडल्या तर बाकी साऱ्या त्या एका कोपऱ्याच्याच रहिवासी.

नाव १८२८ साली द कांदोल या जिनिव्हाच्या पंडिताने दिले. ज्याच्यावरून या कुलाला शास्त्रीय नाव मिळाले ते मिर्टल म्हणजे रोमन प्रेमदेवता व्हीनसचे प्रिय झाड, आणि ‘व्हर्टिकॉर्डिया’, म्हणजे हृदय पालटविणारी, हे त्याच देवीचे एक बिरुद. तीन व्रतस्थ कुमारिकांच्या व्रतभंगाने रोम शहर हादरले, तेव्हा स्त्रियांची मने विषयवासनेकडून शीलाकडे वळावीत म्हणून इसवी सनापूर्वी ११४ मध्ये तिचे मंदिर उभारण्यात आले. शीलरक्षणाच्या खात्यावर नेमलेल्या देवीचे बिरुद इतक्या नटव्या फुलाला बहाल करताना द कांदोल गालात हसला असेल काय, अशी शंका मला येते खरी.

नटवे म्हणण्याचे कारण असे की, फुलांच्या संसारात निदल म्हणजे देवडीवरचा पहारेकरी. कळी सांभाळावी आणि पाकळ्या उमलल्या की बाजूला व्हावे, एवढेच त्याचे काम. येथे मात्र पहारेकऱ्यानेच जरीची झालर अंगावर घेतली आहे. निदलाचे प्रत्येक दल खोलवर चिरत जाऊन त्याचे तंतू होतात, आणि जेमतेम बोटाच्या पेराएवढे फूल पिसांच्या गुच्छासारखे दिसू लागते.

हे वैभव ज्या जमिनीवर उभे आहे ती मात्र कमालीची दरिद्री. तिकडच्या मूळ रहिवासी नूंगार लोकांच्या भाषेतील ‘क्वोंगन’ हा शब्द त्या झुडपी माळांना रूढ झाला आहे. तेथली भूमी इतकी प्राचीन की युगानुयुगे पावसाने धुपून तिच्यातले स्फुरद जवळजवळ संपून गेले. आमचा शेतकरी तिची आकारणी करावयास बसला तर तिला खराब्यातच टाकील. त्याच कोपऱ्यातील पर्थ शहराकडे पाऊस आपल्याप्रमाणेच जून-जुलैत पडतो, पण तो तिकडच्या हिवाळ्याचा, आणि वर्षाकाठी सात-आठशे मिलिमीटरांचा. उन्हाळा कोरडा ठणठणीत जातो. नेमक्या त्या उन्हाळ्यात, नोव्हेंबर ते जानेवारीच्या सुमारास, माळावरची बहुतेक झुडपे फुलून गेल्यावर, ‘निटेन्स’ ही जात वाळूवर नारिंगी सोन्याचे ताटवे मांडते.

या जातीचा व्यवहार तर फारच चमत्कारिक आहे. तिच्या परागकोशातून कोरडी पूड उडत नाही. पराग तेलात माखलेले असतात. ते तेल परागांसह खाणाऱ्या स्थानिक मधमाश्यांचा अभ्यास १९९३ मध्ये प्रसिद्ध झाला, आणि त्या माश्यांचा रंगही फुलासारखाच पिवळा-नारिंगी असल्याचे त्यात नोंदविलेले आहे. फुलावर बसलेली माशी दिसत नाही, फूल हलले म्हणजे कळते, असे काहीसे ते दृश्य असणार!

एवढे देखणे झाड बागवानांच्या हाती का लागू नये? ते वळत नाही हेच उत्तर. बियांतून रोपे उगवण्याची खात्री कमी. भारी जमिनीत पाणी साचले की मुळे कुजतात. आणि उन्हाळ्यात दमट हवा असलेल्या सिडनीकडेही त्याचा निभाव मुश्किलीने लागतो, तेथे कोकणाची कथा काय सांगावी! म्हणून जाणकार त्याची फांदी जेराल्डटन वॅक्स नावाच्या काटक झुडपाच्या खुंटावर कलम करतात. आणि हे खुंटाचे झुडूपही परके नव्हे, तर त्याच कुळातले, त्याच मुलखाच्या किनाऱ्यावरील वाळूत वाढलेले.