टिकटिक ऐकू येते खोडदला

"बाई, असा तारा असतो का हो, जिथं घड्याळ हळू चालतं?" चौथीच्या वर्गात एकानं विचारलं आणि बाकीचे फिदीफिदी हसले. त्यानं म्हणे एक गोष्ट वाचली होती. त्या गोष्टीत फुटलेल्या ताऱ्याजवळ गेलेला माणूस परत येतो, तेव्हा त्याची धाकटी बहीण आजी झालेली असते!

मुलांनो, हसू नका. गोष्टीतला तारा खोटा असला, तरी त्याचा सख्खा भाऊ अगदी खरा आहे. आणि त्याची टिकटिक आपल्या पुणे जिल्ह्यातच ऐकली जाते.

सूर्याच्या आठपटीहून जड असलेल्या ताऱ्याचं इंधन संपलं, की त्याचा गाभा स्वतःच्याच वजनानं आत कोसळतो. बाहेरचा भाग प्रचंड स्फोटानं उडून जातो. हा झाला अतिनवतारा, म्हणजे सुपरनोव्हा. इ.स. १०५४ मध्ये, ज्ञानेश्वरांच्या जन्माच्याही दोनशेवर वर्षं आधी, चीनमधल्या लोकांनी वृषभ राशीत असा तारा पाहिला. तो भरदिवसा दिसत होता!

मागे उरलेल्या गाभ्याला न्यूट्रॉन तारा म्हणतात. वजन सूर्याहून जास्त, पण व्यास केवढा? कात्रज ते आळंदी, एवढाच. त्यातला चमचाभर ऐवज शंभर कोटी टनांहून जड भरेल. इतक्या जड वस्तूजवळ काळच मंदावतो, हे आइन्स्टाईनच्या १९१५ सालच्या सिद्धांतातून कळतं. आपला एक तास होईल, तेव्हा तिथं सुमारे पन्नासच मिनिटं झालेली असतील. (तिथं उभं राहायला मात्र जाऊ नका, क्षणात चपाती होईल.)

असे काही तारे गरगर फिरतात आणि दीपगृहासारखा रेडिओ लहरींचा झोत फिरवतात. तो पृथ्वीवरून गेला, की आपल्याला एक ठोका मिळतो. हेच पल्सार, म्हणजे स्पंदक तारे. १९६७ साली केंब्रिजमध्ये शिकणाऱ्या जोसेलिन बेलला पहिला पल्सार सापडला. त्याचे ठोके दर १.३३ सेकंदांनी, अगदी नेमके!

आता नारायणगावला चला. तिथून जवळच खोडदला डॉ. गोविंद स्वरूप यांच्या कल्पनेतून उभी राहिलेली जीएमआरटी ही रेडिओ दुर्बीण आहे. प्रत्येकी ४५ मीटर व्यासाच्या, तारांच्या जाळीच्या ३० तबकड्या! २००४ मध्ये या दुर्बिणीनं सेकंदाला दोनशे वेळा फिरणारा पल्सार शोधला.

पण खरी गंमत पुढेच आहे. दोघीजणी ओलं लुगडं दोन टोकांना धरून झटकतात, तेव्हा त्यातून लाट जाते ना? तशी लाट अवकाशातूनही जाते. ती गेली, की पल्सारचे ठोके किंचित लवकर किंवा उशिरा पोचतात. एकेक लाट जायला वर्षंच्या वर्षं लागतात. म्हणून खोडदच्या आणि युरोपातल्या शास्त्रज्ञांनी २५ पल्सारच्या ठोक्यांच्या नोंदी एकत्र केल्या. काही नोंदी तर २५ वर्षांच्या! जून २०२३ मध्ये, अशा लाटांचा पुरावा मिळतो आहे, असं त्यांनी जाहीर केलं. महाकाय कृष्णविवरांच्या जोड्या एकमेकींभोवती फिरतात, त्यातून या लाटा उठत असाव्यात.

हे ठोके ऐकायला शांतता लागते, आवाजाची नव्हे, रेडिओ लहरींची. चंद्रावर कुणी मोबाइल लावला, तर तो या दुर्बिणीला आकाशातल्या सगळ्यात ठळक वस्तूंपैकी एक वाटेल! मग शेजारच्या गावातल्या मोबाइलचं काय? नियोजित पुणे-नाशिक रेल्वेमुळेही दुर्बिणीला अडथळा होईल, म्हणून २०२५ मध्ये मार्ग बदलण्यावरून बराच वाद झाला. जुन्नर-नारायणगावच्या लोकांना रेल्वे हवी आहे, आणि त्यांचं काही चुकतं असं मला तरी म्हणवत नाही. पण ही दुर्बीण उचलून दुसरीकडे नेता येत नाही. तिचे हात पंचवीस किलोमीटर पसरले आहेत. तुम्ही काय ठरवलं असतं? घरी आईबाबांशी बोलून बघा.

दरवर्षी २८ फेब्रुवारीच्या विज्ञान दिनाला खोडदला विज्ञान मेळावा भरतो. आमच्या वर्गातल्या त्या मुलानं आत्तापासूनच बाबांच्या मागे लकडा लावला आहे.