मुंबईचा सौरभ, अमेरिकेचा बोलर

१२ जून २०२४. न्यूयॉर्कमध्ये टी-ट्वेंटी विश्वचषकाचा सामना, भारत विरुद्ध अमेरिका. भारताच्या डावातला दुसराच चेंडू. विराट कोहली आपला पहिलाच चेंडू खेळतोय, चेंडू बॅटची कड घेऊन थेट विकेटकीपरच्या हातात! शून्यावर आउट. थोड्याच वेळात त्याच बोलरने रोहित शर्मालाही ३ धावांवर घरी पाठवलं.

कोण होता हा बोलर? सौरभ नेत्रावळकर. आपल्या मुंबईत जन्मलेला मराठी मुलगा! आणि रोहितचा झेल घेतला हरमीत सिंगने, तोही मुंबईचाच.

सौरभ २०१० साली न्यूझीलंडला १९ वर्षांखालचा विश्वचषक खेळला, तोही भारताकडून. केएल राहुल त्याच संघात होता. पुढे मुंबईकडून तो रणजीही खेळला. पण भारतात वेगवान गोलंदाजांची रांग केवढी लांब! सौरभ अभ्यासातही हुशार, कॉम्प्युटर इंजिनिअर झालेला. २०१५ मध्ये तो पुढच्या शिक्षणासाठी अमेरिकेतल्या कॉर्नेल विद्यापीठात गेला. आता क्रिकेट सुटलंच, असं त्याला वाटलं होतं.

सुटतंय कसलं! सॅन फ्रान्सिस्कोला नोकरी लागली आणि सुट्टीच्या दिवशी हा पठ्ठ्या सामना खेळायला लॉस एंजेलिसला निघायचा. सहा तासांची वाट. धुळ्याहून मुंबईला जाऊन परत येण्याएवढं अंतर होतं ते, बरं का! मला त्याच्या विकेटपेक्षा या रस्त्याचंच जास्त कौतुक वाटतं. पुढे तो अमेरिकेचा कॅप्टनही झाला. भारताशी खेळायच्या सहा दिवस आधी पाकिस्तानविरुद्धची सुपर ओव्हर त्यानेच टाकली. पाकिस्तानला १९ धावा हव्या होत्या, त्याने १३ च दिल्या.

पण असं दुसऱ्या देशाकडून खेळता येतं का? येतं. क्रिकेटमध्ये त्या देशात तीन वर्षं राहिलात, तर दार उघडतं. रग्बीत हीच अट पाच वर्षांची आहे. रग्बी म्हणजे लांबट, अंडाकृती चेंडू हातात घेऊन धावायचा खेळ. त्यातला मायकल लीच न्यूझीलंडमध्ये जन्मला आणि पंधराव्या वर्षी शिकायला जपानला गेला. मोठा होऊन तो जपानचा कॅप्टन झाला. २०१५ च्या विश्वचषकात दक्षिण आफ्रिका ३२, जपान २९, आणि वेळ संपत आलेली. एक किक मारून बरोबरी साधता आली असती. लीच म्हणाला, नाही, जिंकायलाच खेळू. जपानने ३४-३२ असा सामना जिंकला! ज्या देशाने आपल्याला वाढवलं, त्याच्यासाठी एवढी जोखीम घेणारा माणूस तिथला नाही, असं कोण म्हणेल?

आता सौरभच्या हातातल्या जादूकडे वळू. नवा चेंडू हवेतच वळतो, त्याला म्हणतात स्विंग. चेंडूच्या मधोमध जाड शिवण असते. बोलर ती किंचित तिरकी धरून चेंडू सोडतो. शिवणीच्या बाजूने जाणारी हवा तिला अडखळून घुसळली जाते. गंमत अशी, की घुसळलेली हवा चेंडूला जास्त वेळ चिकटून राहते. दुसऱ्या, गुळगुळीत बाजूची हवा मात्र लवकर सुटते. त्यामुळे चेंडूमागची हवा एका बाजूला फेकली जाते आणि चेंडू ढकलला जातो विरुद्ध बाजूला, म्हणजे शिवण जिकडे झुकलेली असेल तिकडे. म्हणून तर खेळाडू चेंडूची एक बाजू सारखी पँटवर घासून चकचकीत ठेवतात.

टेनिस बॉलला अशी उंच शिवण नसते, तरी तोही वळवता येतो. अर्ध्या बॉलवर वायरमनकाकांची काळी चिकट टेप ताणून लावा, अर्धा तसाच लवदार ठेवा. जळगावात किंवा धुळ्यात उन्हाळ्यात पारा पंचेचाळीसकडे धावतो, तेव्हा हा प्रयोग सकाळी लवकर करा. वारा नसेल तर उत्तम. टेपची बाजू आधी डावीकडे, मग उजवीकडे ठेवून बॉल टाका, एका मित्राला स्टंपमागे उभं करा. आधी सावकाश टाका, मग जोरात. बॉल प्रत्येक वेळी कुठे वळला, ते वहीत लिहायला विसरू नका!