नजराण्याचे ओझे

परवा वर्गात ‘नजराणा’ या शब्दाचा अर्थ सांगत होतो. एका मुलाने विचारले, “सर, मग नजराणा आणि लूट यांत फरक काय?” प्रश्न साधा, पण कोल्हापुरात उभे राहून त्याचे उत्तर देणे सोपे नाही.

1875 साली इंग्लंडचे युवराज, म्हणजे पुढचे सातवे एडवर्ड, हिंदुस्थानच्या दौऱ्यावर आले. त्या दौऱ्यात करवीरच्या चौथ्या शिवाजी महाराजांनी त्यांना एक रत्नजडित तलवार नजर केली. शिवछत्रपतींची ‘जगदंबा’ म्हणून आपण जिची आठवण काढतो, ती हीच. देणाराचे वय अवघे बारा वर्षांचे आणि कारभार इंग्रजांच्या देखरेखीखाली! त्या मुलाने ‘नाही’ म्हणावे तरी कोणाला? पुढे महाराजांना वेडे ठरविण्यात आले. त्यांच्या छळाविषयी लिहिल्यामुळे 1882 साली टिळक-आगरकरांना डोंगरीचा तुरुंग पाहावा लागला. 25 डिसेंबर 1883 रोजी अहमदनगरच्या किल्ल्यात, बंदिवासातच महाराजांचा अंत झाला. तेव्हा विशी नुकतीच उलटली होती.

तलवार आजही इंग्लंडच्या राजसंग्रहात आहे. कागदोपत्री ती लूट नव्हे, भेट. (‘लूट’ हा शब्दही इंग्रजांनी आपल्याकडूनच नेला, ही गोष्ट वेगळी!)

इंग्रजांचा वारसा म्हटला की आपल्याला आगगाडी, कचेऱ्या आणि इंग्रजी भाषा आठवते. पण राज्य करणाराच्या घरीही वारसा उरतोच. त्या दौऱ्यातील नजराण्यांचे प्रदर्शन 2017 साली ब्रॅडफर्डला सुरू झाले. त्या गावात आपल्या उपखंडातून गेलेली कितीतरी कुटुंबे राहतात. “हे इथे कसे आले?” हा प्रश्न आता परका माणूस विचारीत नाही; घरचीच मुले विचारतात.

उत्तर द्यायचे तर हात बांधलेले. लंडनच्या व्हिक्टोरिया अँड अल्बर्ट संग्रहालयाला संग्रहातील वस्तू सहसा देऊन टाकता येत नाहीत; 1983 चा कायदा आड येतो. म्हणून 2024 साली वाघनखे साताऱ्यास आली तीही तीन वर्षांच्या बोलीने, उसनी. ती महाराजांचीच, असे ते संग्रहालयही छातीठोकपणे सांगत नाही. आणि तरीही ती पाहायला माणसे लोटली!

तलवार केव्हा परत येईल ते येवो. तोवर तिच्याखालच्या पाटीवर देणाराचे वय आणि त्याचा शेवट, एवढे दोन आकडे तरी लिहावेत. नजराणा की लूट, ते वाचणारा मग आपला आपणच ठरवील.

त्या मुलाला मी हेच उत्तर दिले.