ढोरगुंजेला उसनं आडनाव

उमापूरला गेलं की मामेसासऱ्यांच्या ओसरीवर बसून चार कागद वाचून दाखवणं हे माझं ठरलेलं काम. कधी पीकविम्याचा मेसेज, कधी खताच्या पोत्यावरचे आकडे. मी रसायनशास्त्र शिकवतो, म्हणजे बारीक अक्षरातलं सगळं मला कळतं, असा त्यांचा समज. मीही तो कधी मोडला नाही. या खेपेला एक डबी निघाली. वर हातपाय फुटलेल्या माणसासारख्या मुळीचं चित्र, खाली ठळक ‘भारतीय जिनसेंग’, आणि आत घडी घातलेल्या कागदावर ‘जिनसेनोसाइडची शक्ती’.

‘पाव्हणं, हे जिनसेनो काय म्हणतेत ते? व्हिटॅमिनच का?’

व्हिटॅमिन नाही. व्हिटॅमिन म्हणजे शरीराला लागतंच, नाही मिळालं तर आजार होतो, असं काहीतरी. जिनसेनोसाइड आयुष्यात एकदाही पोटात गेलं नाही तरी कुणाचं काही बिघडत नाही. उमापूरच्या पिढ्यान्‌पिढ्या त्याच्याशिवायच कापूस वेचत आल्या आहेत. पण मामांचा प्रश्न शब्दाबद्दल होता आणि सगळा घोळ शब्दातच आहे, म्हणून सुरुवात तिथूनच केलेली बरी.

आपल्याकडे गावाच्या नावाला ‘कर’ लावला की आडनाव होतं. पैठणचा तो पैठणकर. रसायनशास्त्रात अशीच रीत आहे, फक्त तिथलं शेपूट जास्त बोलकं असतं. ‘जिनसेनोसाइड’मधला ‘जिनसेन’ हा गाव आणि ‘ओसाइड’ हे शेपूट. शेपटाचा अर्थ असा, की या रेणूच्या अंगाला साखरेचे एक वा अनेक तुकडे जोडलेले आहेत. म्हणजे नावातच सांगून टाकलंय की हा साखरजोड पदार्थ पहिल्यांदा जिनसेंगमध्ये सापडला.

आता तो गाव कुठला, ते पाहू. जिनसेंग म्हणजे पॅनाक्स या प्रजातीची झाडं. मुख्य दोन: कोरिया, ईशान्य चीन आणि रशियाच्या पूर्व टोकाकडचं पॅनाक्स जिनसेंग आणि उत्तर अमेरिकेतलं पॅनाक्स क्विंक्विफोलियस. चिनी भाषेत या मुळीला ‘रेनशेन’ म्हणतात. त्यातला ‘रेन’ म्हणजे माणूस. मुळीला फाटे फुटून ती माणसासारखी दिसते म्हणून. ‘जिनसेंग’ हा उच्चार दक्षिण चीनच्या बोलीतून युरोपात पोचला. ‘पॅनाक्स’ हे नाव लिनियसच्या १७५३ च्या ग्रंथात आलं. ग्रीकमध्ये त्याचा अर्थ ‘सगळ्या रोगांवरचं’. झाडाच्या नावातच जाहिरात असल्यावर डबीवाल्यांना तरी काय बोल लावायचा?

आतल्या रसायनाचा शोध तसा जुना. १८५४ मध्ये गॅरिग्ज नावाच्या संशोधकानं अमेरिकी जिनसेंगमधून एक पदार्थ वेगळा काढला आणि त्याला ‘पॅनाक्विलॉन’ म्हटलं. तो शुद्ध नव्हता, मिश्रण होतं. नीट उकल झाली ती १९६० च्या दशकात, आणि तीही दोन ठिकाणी. व्लादिवोस्तोकमध्ये एल्याकोव्ह यांच्या गटानं या पदार्थांना ‘पॅनॅक्सोसाइड’ म्हटलं, तर तोक्योत शोजी शिबाता यांच्या गटानं ‘जिनसेनोसाइड’. एकाच घराला दोन आडनावं. पुढे जपानी नाव टिकलं आणि रशियन नाव जुन्या पुस्तकांत उरलं.

इथे पहिला मोठा गैरसमज निस्तरायला हवा. जिनसेनोसाइड हा एक पदार्थ नाही, ते घराणं आहे. आजवर शंभराहून अधिक जिनसेनोसाइड ओळखले गेलेत. शिबातांच्या मंडळींनी मुळीचा अर्क पातळ थराच्या काचेवर चढवला, त्याचे ठिपके वरखाली पसरले आणि त्या क्रमानं नावं पडली: आरए, आरबी, आरसी, आरडी, पुढे आरजी वगैरे. जवळजवळच्या ठिपक्यांना मग आरबी-१, आरबी-२. वर्गातल्या हजेरीपटासारखं हे. त्यात गुणाचा उल्लेख नाही, फक्त कोण कुठे बसलंय एवढंच.

आणि ही भावंडं एकसारखी वागतातच असं नाही. २००४ मध्ये ‘सर्क्युलेशन’ या नियतकालिकात आलेल्या शिलादित्य सेनगुप्ता आणि सहकाऱ्यांच्या अभ्यासात आरजी-१ नव्या रक्तवाहिन्या फुटायला चालना देताना दिसला आणि आरबी-१ त्याला अटकाव करताना. एकाच मुळीत गाडीचा अ‍ॅक्सिलरेटरही आणि ब्रेकही. हे प्रयोगशाळेतलं चित्र, माणसाच्या अंगात जसंच्या तसं उतरेल असं नाही. पण ‘जिनसेनोसाइड इतके टक्के’ एवढंच छापलेली डबी मला का अपुरी वाटते, ते यावरून कळावं. दोन भावांचं प्रमाण सांगितल्याशिवाय घराची एकूण उंची सांगून काय उपयोग?

आता मामांची डबी. मागच्या बाजूला, भिंगाखाली धरावं लागेल इतक्या बारीक टायपात, खरं नाव छापलं होतं: विथानिया सोम्निफेरा. म्हणजे अश्वगंधा. म्हणजे आस्कंद. आणि आणखी घरचं नाव हवं तर ढोरगुंज.

‘ढोरगुंज? ती तर पडक्या वाड्याच्या मागं उगवती.’

तीच. गेवराई तालुक्याच्या या पश्चिम अंगाला, जिथे पलीकडे शेवगावचा शिवार लागतो, गायरानात, पडीक भिंतींच्या आडोशाला हे झुडूप कुणी न लावता येतं. गुडघ्या-मांडीएवढं, पानांवर पांढुरकी लव, आणि चिरबोटीसारख्या कागदी वेष्टनात लपलेलं लालचुटूक फळ. फळाच्या त्या रंगावरून ‘गुंज’ हे नाव पडलं असावं. पण दागिने तोलायची खरी गुंज वेगळी, ती वेल असते आणि तिचं बी विषारी, हे पोरांना सांगून ठेवावं.

ढोरगुंज वांगी, मिरची, टोमॅटो आणि तंबाखूच्या घराण्यातली. जिनसेंग तिच्या दूरच्या सोयऱ्यातही बसत नाही. तिच्यातल्या नामांकित पदार्थांना विथानोलाइड म्हणतात. पुन्हा शेपटाकडे पाहा: इथे ‘ओसाइड’ नाही, ‘ओलाइड’ आहे. ओलाइड म्हणजे रेणूत लॅक्टोन नावाची वळलेली कडी असते. रचनेनं हे स्टेरॉइडांच्या जातकुळीतले. त्यांतल्या विथाफेरिन-ए या ठळक पदार्थाची रचना १९६० च्या दशकात इस्रायलमध्ये डेव्हिड लावी यांच्या गटानं उलगडली. म्हणजे तोक्योत जिनसेनोसाइडचं बारसं होत होतं, त्याच सुमारास. विथानोलाइडांपैकी काहींनाही साखर चिकटलेली असते, हे खरं. पण त्यानं ते जिनसेनोसाइड होत नाहीत. पैठणचा माणूस पुण्याला राहिला म्हणून पुणेकर होतो का? (पुण्यातले तरी मान्य करणार नाहीत.)

थोडक्यात, अश्वगंधेत जिनसेनोसाइड नसतं. डबीतल्या कागदावरचं वाक्य धडधडीत चुकीचं होतं.

मग ‘भारतीय जिनसेंग’ हे नाव आलं कुठून? दोन्ही मुळ्या थकवा घालवणाऱ्या, बळ देणाऱ्या म्हणून वापरल्या गेल्या, एवढंच साम्य. परदेशी गिऱ्हाइकाला ‘अश्वगंधा’ म्हणजे काय हे समजावण्यापेक्षा ‘तुमच्या जिनसेंगसारखं’ म्हणणं विक्रेत्याला सोपं गेलं असणार. असं उसनं नाव घेणारी ती एकटी नाही. ‘सायबेरियन जिनसेंग’ म्हणून विकलं जाणारं इल्युथेरोकोकस हेही पॅनाक्स नव्हे, त्यात इल्युथेरोसाइड असतात. हा घोटाळा इतका वाढला की अमेरिकेनं २००२ च्या शेतीविषयक कायद्यात कलमच घातलं: ‘जिनसेंग’ हा शब्द फक्त पॅनाक्स प्रजातीच्या झाडांसाठी वापरायचा. त्या हिशेबानं मामांची डबी तिथल्या दुकानात त्या नावानं ठेवता आली नसती.

सफेद मुसळीलाही अधूनमधून हेच बिरुद चिकटवतात. मुसळीचं शास्त्रीय नाव मात्र अस्सल इथलं आहे: क्लोरोफायटम बोरिविलियानम, मुंबईच्या बोरिवलीवरून ठेवलेलं. ज्या वनस्पतीला खुद्द बोरिवलीचं नाव मिळालंय, तिनं कोरियाचं कशाला घ्यावं?

निसर्गानं मात्र इथे एक गंमत केली आहे. पॅनाक्सबाहेर खरेखुरे जिनसेनोसाइड सापडतात, आणि ते सापडतात कारली-भोपळ्याच्या घराण्यातल्या जिओगुलान नावाच्या वेलीत. तिच्यातले काही पदार्थ आणि जिनसेंगमधले काही पदार्थ हुबेहूब एक आहेत. आडनाव गावाचं सांगतं, पण माणसं कुठेही राहायला जातात.

मामी आतून ऐकत होत्या. त्यांचा मुद्दा वेगळा. त्यांनी ऐकलं होतं की खरी मुळी पाण्यात घुसळली की फेस येतो, आला नाही तर भेसळ. हा समज अर्धा खरा असल्यानं जास्त फसवा. जिनसेनोसाइड सॅपोनिन या मोठ्या गटात मोडतात. लॅटिनमध्ये ‘सापो’ म्हणजे साबण. रेणूचा एक भाग तेलकटपणाला धरतो, साखरेचा भाग पाण्याला, म्हणून फेस. पण रिठाही याच गटातल्या पदार्थांमुळे फेसाळतो, शिकेकाईही आणि हिंगणबेटाचं फळही. जुन्या काळी लुगडी धुवायला हेच होतं. शतावरीतही सॅपोनिन असतात. तेव्हा फेस आला याचा अर्थ सॅपोनिन आहे, एवढाच. कुणी रिठ्याची भुकटी मिसळली तर फेस उलट जास्तच येईल.

‘म्हंजे साबणच खातेत लोकं?’ मामींनी विचारलं. तसंही नाही. रिठा किंवा हिंगणबेट डोहात टाकून मासे गुंगवायची रीत बऱ्याच ठिकाणी होती, कारण सॅपोनिन कल्ल्यांवर घातक ठरतात. माणसाच्या आतड्यातून मात्र ते सहजी रक्तात जात नाहीत. इथेच जिनसेनोसाइडची आणखी एक गोष्ट दडली आहे. गिळलेला आरबी-१ तसाच्या तसा फार थोडा शोषला जातो. आतड्यातले जिवाणू त्याच्या अंगावरची साखर एकेक तुकडा करून खातात आणि शेवटी ‘कंपाउंड-के’ नावाचा छोटा पदार्थ उरतो, जो शोषला जातो. ज्याच्या पोटात ते जिवाणू कमी, त्याच्यात हे रूपांतरही कमी. एकाच डबीचा शेजाऱ्याला गुण आणि आपल्याला काहीच नाही, यामागे कुणाची नजर वगैरे शोधायला नको.

वाफवून लाल केलेल्या कोरियाई जिनसेंगचं, ‘होंगसाम’चं, तसंच. वाफेच्या उष्णतेनं काही साखर गळते आणि कच्च्या मुळीत जवळपास नसलेले आरजी-३ सारखे पदार्थ तयार होतात. उसाचा रस उकळल्यावर जसा रस राहत नाही, तसं.

मामांच्या पोराला, म्हणजे माझ्या मेहुण्याला, भलतीच कल्पना सुचली: दोन एकरांत हेच लावू. मी आधी त्याला विचारलं, बर्फ आणशील का? पॅनाक्सला थंडीत खरी झोप लागते. दाट सावली लागते, म्हणून कोरियात त्याच्यावर मांडव घालतात. आणि मूळ काढायला साधारण चार ते सहा वर्षं थांबावं लागतं. भारतात पॅनाक्सच्या जाती आहेत, पण हिमालयात आणि ईशान्येकडे. गेवराईच्या मे महिन्यात ते झाड महिनाभर तग धरणार नाही. अश्वगंधा मात्र हलक्या, कमी पावसाच्या जमिनीत येते, पाच-सहा महिन्यांत काढणीला होते. मध्य प्रदेशातल्या नीमच-मंदसौरकडे ती शेतात पिकवतात आणि नीमचच्या बाजारात विकतात. तरी लावण्याआधी गिऱ्हाईक शोध, असं त्याला बजावलं. मुसळीच्या लागवडीची आणि ‘माल आम्हीच परत घेऊ’ या हमीची लाट महाराष्ट्रानं पाहिली आहे, आणि हमी देणाऱ्यांचे फोन बंद झालेलेही.

राहिलं शेवटचं, आणि मला सगळ्यांत काळजीचं: ‘झाडपाल्याचं आहे, अपाय काय होणार?’ अश्वगंधेबद्दल काही चांगले अभ्यास आहेत. हैदराबादमध्ये ६४ जणांवर ६० दिवस केलेला, २०१२ मध्ये प्रसिद्ध झालेला अभ्यास बराच सांगितला जातो. त्यात मुळीच्या अर्कानं मानसिक ताण कमी झाल्याचं दिसलं. पण ६४ माणसं म्हणजे उमापूरच्या बाजारातली एक ओळ. दुसऱ्या बाजूला, अश्वगंधा घेतल्यावर यकृताला इजा झाल्याच्या नोंदी अनेक देशांत आहेत. डेन्मार्कनं तर २०२३ मध्ये ती पूरक आहारातून बंदच केली. थायरॉइडच्या गोळ्या घेणाऱ्यांनी आणि गरोदर बायकांनी ती परस्पर घेऊ नये. आयुर्वेदात मुख्यतः मूळ वापरतात, पानं नव्हे, आणि विथाफेरिन-ए पानांत जास्त असतं. डबीवर ‘मूळ’ लिहिलंय की नुसतंच ‘अर्क’, हे म्हणून पाहायचं. खऱ्या जिनसेंगचंही वेगळं नाही: अमेरिकी जिनसेंगमुळे रक्त पातळ करणाऱ्या वॉरफरिनचा परिणाम कमी झाल्याचं दिसलं आहे, आणि साखरेच्या औषधांबरोबर दोन्ही मुळ्या जपूनच.

हे ऐकून मामा थोडा वेळ गप्प बसले. मग उठून आतून एक प्लॅस्टिकची पिशवी आणली. तिच्यात साखरेच्या गोळ्यांची पाकिटं होती, रक्ताचे जुने रिपोर्ट होते आणि गेवराईच्या डॉक्टरांचा दुमडलेला कागद. दोन महिन्यांपासून डबी आणि या गोळ्या ते एकाच पाण्याच्या घोटाबरोबर घेत होते. डॉक्टरांना सांगितलं का, म्हणून विचारलं, तर म्हणाले, ‘त्यात काय सांगायचं, मुळीच हाय ती.’

मी डबीवरचं ‘विथानिया सोम्निफेरा’ पेनानं गोल केलं आणि डबी त्याच पिशवीत टाकली. मामा पिशवीची गाठ मारत म्हणाले, ‘पण पाव्हणं, ढोरगुंजच होती, तर पैसे कशाचे घेतले?’

मामी आतूनच म्हणाल्या, ‘त्या चित्राचे.’